जत्रेच्या रिळातली बाई

गुरुवार, २ जानेवारी २०२५

नवी डायरी घेतली नाही. मागच्या वर्षीच्या डायरीत मार्चपासून पुढची पानं कोरीच आहेत. छापलेल्या तारखा खोडून त्यांच्यावरच लिहिते आहे.

काम मिळालं. माझं स्वतःचं, पहिलं. अंधेरीच्या कंपनीत अकरा वर्षं हेच केलं, पण दुसऱ्याच्या नावाखाली. सिनेमावाल्यांना किंवा टीव्हीवाल्यांना जुनं चित्रण लागलं की ते कुणाकडे पडलंय ते हुडकायचं, मालक गाठायचा आणि वापरायचा परवाना लिहून घ्यायचा. सप्टेंबरात कंपनीनं तो विभागच बंद केला. मी शहापुरात घरी बसून तेच काम करीन म्हटलं, तर सगळ्यांनी माझ्याकडे असं बघितलं जणू मी घरी बसून विमान चालवणार आहे.  दीपेशनं, म्हणजे नवऱ्यानं, फक्त आसनगावच्या एका शोरूममध्ये नोकरीची जागा निघाल्याचं दोनदा सांगितलं.

पंकज म्हणून दिग्दर्शक आहे, मूळचा मुरबाडचा, आता मुंबईत असतो. सह्याद्रीच्या पायथ्याच्या जत्रांवर तो मालिका करतोय. एक भाग म्हसा गावच्या जत्रेचा. आजची जत्रा तो स्वतः शूट करणार, पण त्याला जुनीही हवी. "फोटो नको माधुरी, हलतं पाहिजे. सत्तर-ऐंशीच्या दशकातलं." मुदत अठ्ठावीस फेब्रुवारी.

हो म्हणून बसले. कुठून आणणार, देव जाणे.

मंगळवार, ७ जानेवारी

भातसानगरला तीन फेऱ्या झाल्या. धरण बांधलं तेव्हा परगावचे लोक इथे वर्षानुवर्षं राहिले, त्यांच्यातल्या कुणाकडे तरी कॅमेरा असणार असा माझा हिशेब. आज कॉलनीतल्या एका म्हाताऱ्या चहावाल्यानं सांगितलं, "कमळाकर सर्व्हेअर! गळ्यात सदा यंत्र. बायकोच्या भावानं दुबईवरनं आणलेलं."

आणि हे कमळाकर राहतात कुठे, तर शहापुरात, माझ्या घरापासून चालत दहा मिनिटांवर.

संध्याकाळी लगेच गेले. वय एकोणऐंशी, एकटेच असतात. कपाटात सुपर-एटची बावीस रिळं, प्रत्येक साधारण तीन मिनिटांचं, बिनआवाजाचं. प्रोजेक्टर चालू स्थितीत! मी हात जोडले. त्यांनी आधी चहा केला, मग एक रीळ भिंतीवर दाखवलं. धरणाच्या कामावरची माणसं, डोक्यावर घमेली. दुसरं लावा म्हटलं तर म्हणाले, "बल्ब तापतो. शुक्रवारी ये."

शुक्रवार, १० जानेवारी

आज एकच रीळ. कॉलनीतला गणपती. बल्ब तापला.

बुधवार, १५ जानेवारी

पुन्हा एकच, कुणाच्या तरी मुंजीचं. मधल्या सोमवारीही गेले होते तेव्हा तर रीळ निघालंच नाही, पोहे निघाले. "जत्रेचं आहे का?" असं विचारलं की कमळाकरकाका भलतंच काहीतरी सांगत बसतात, लेव्हल कशी लावतात, डोंगराची उंची कशी मोजतात. मला वाटतं हा माणूस माझी परीक्षा बघतोय, नाहीतर आणखी कुणाशी बोलणी चालू असतील. मी जायच्या आधीच टेबलावर दोन कप मांडलेले असतात, म्हणजे आधीपासून ठरवूनच बसलेले असतात की आज हिला किती लटकवायचं.

शुक्रवार, १७ जानेवारी

आज सापडलं! आणि मी एक वाईट गोष्ट केली. दोन्ही लिहिते.

काकांनी डबा उघडला, वर लिहिलं होतं 'नाशिक सहल'. रीळ लावलं आणि भिंतीवर नाशिक नाही, म्हसा. बैलांच्या रांगा, घोंगड्यांचे ढीग, पाळणा. मी नेहमीप्रमाणे फोनच्या कॅमेऱ्यात टिपत होते, न विचारताच. मग बांगड्यांचं दुकान, आणि ती.

विशीची असेल. कासोटा घातलेलं लुगडं, कडेवर पोर. पोराची पाठ आपल्याकडे. कासारीण तिच्या हातात बांगडी चढवतेय आणि ती दुखतंय म्हणून हसतेय. मग वर बघते, सरळ कॅमेऱ्यात. तोंड हलतं, काहीतरी बोलते. आणि हात पुढे येतो, पंजा मोठा मोठा होत जातो आणि सगळं काळं. सगळी मिळून चौदा सेकंदं. अकरा वर्षांत हजारो तास चित्रण बघितलं, असं माणूस कधी बघितलं नव्हतं.

काकांनी झटकन प्रोजेक्टर बंद केला. "हे नको. हे चुकून आलं." चेहरा उतरला होता. 

घरी आले आणि फोनवरची ती चौदा सेकंदं पंकजला पाठवून दिली. काकांना न विचारता.

शनिवार, १८ जानेवारी

पंकज वेडा झालाय. म्हणतो, भागाची सुरुवातच या बाईनं होईल. मी म्हटलं, मालक तयार नाहीत. "मग तयार कर. तेच तर तुझं काम."

"आणि ती बाई कोण, काही माहीत नाही."

"माधुरी, जत्रा आहे ती. सार्वजनिक जागा, गर्दी. मालकाची सही पुरे."

त्याचं चूक नाही. कंपनीत असताना मीच अशा शेकडो फॉर्मवर 'व्यक्तीची संमती' या ओळीपुढे 'लागू नाही' लिहिलंय. आजही लिहून ठेवलं, पेन्सिलीनं.

सोमवार, २० जानेवारी

काकांना सांगून टाकलं. ओरडतील वाटलं होतं, पण ओरडले नाहीत. नुसतं विचारलं,

"तिनं हात आडवा केला, दिसलं ना तुला?"

"दिसलं, काका."

"मग? मी तेहेतीस वर्षांचा, पायात साहेबी बूट. तिला विचारलंसुद्धा नाही, लावला कॅमेरा. तिनं नको म्हणून हात धरला. शेहेचाळीस वर्षं झाली, मी रीळ लावलं की ती दर वेळी नकोच म्हणते. ते मी टीव्हीला देऊ?"

 मी तर ते देऊनच आले होते.

निघताना म्हणाले, "शोध तिला. असेल तर. ती हो म्हणाली तर मी डोळे मिटून सही करतो."

घरी येऊन पेन्सिलीचं 'लागू नाही' खोडलं. मग भीती वाटली. चाळीस दिवसांत एक बाई हुडकायची, जिचं नाव माहीत नाही. आणि पहिल्याच कामाची मुदत चुकली तर दुसरं काम देणार कोण?

बुधवार, २२ जानेवारी

म्हशाला जाऊन आले, जत्रा अजून चालू आहे. फोनवरच्या चित्राची मोठी प्रिंट काढून नेली होती. घोंगडीवाले, कासारणी, मिठाईवाले, सगळ्यांना दाखवली. काहींना वाटलं मी हरवलेली बाई शोधतेय, तर काहींना वाटलं मी निवडणुकीची. पायांचे तुकडे पडले.

परत निघताना टोपल्या विकायला बसलेल्या एका बाईनं प्रिंट हातात घेतली. रुपा तिचं नाव. चेहऱ्याकडे बघितलंच नाही, त्या हाताकडे बघत राहिली. मनगटावर गोंदलेला मोर आहे, मोराला तीन ठिपके. मला तो आजवर दिसलाही नव्हता.

"हा मोर तं आमच्या जनामावशीच्या हातावं हाय."

"ही जनामावशी आहे?"

"नाय गो. जनामावशीचं नाक बसकं."

टोकावड्याच्या पुढे, डोंगराच्या अंगाला त्यांची वाडी. रुपानं तिचा नंबर दिला.

गुरुवार, ३० जानेवारी

वाडीवर गेले. जनाबाई ओट्यावर वाल सोलत होत्या. साठीच्या असतील, ताठ. हातावर तोच मोर, तेच तीन ठिपके. मी पिशवीतून प्रिंट काढायला गेले तर आधी संमतीपत्राचा कागद बाहेर आला. तिथेच सगळं बिघडलं.

"अंगठा घ्यायला आलीस ना?"

"नाही मावशी, आधी एक फोटो..."

"आदी फोटोच दावतात. मंग अंगठा. आमचा एक सातबारा असाच ग्येला. ऊठ गो पोरी, उनाचं घरी जा."

प्रिंट बघितली नाहीच. पाणी मात्र दिलं, गूळही. खाली येईपर्यंत डोळे भरले होते. अर्धी चूक माझी, आधी कागद काढायची अकरा वर्षांची सवय.

रस्त्यावर मुरबाडची जीप मिळाली. ड्रायव्हर सत्तेचाळीस-अठ्ठेचाळीसचा, गप्प. मी पुढेच बसले होते, प्रिंट मांडीवर. सरळगाव आलं तसं त्यानं तिकडे बघून विचारलं, "कोन ही?"

म्हटलं, तेच तर शोधतेय. म्हशाची जत्रा, एकोणऐंशी साल. जनाबाईंना दाखवायला गेले होते, त्यांनी हाकललं.

"जनाबाई माझी मावशी. तिनंच वाडवला मला." मग जीप कडेला घेतली. मागचे प्रवासी ओरडले. तो प्रिंटकडे बघत होता. "आई माझी दोन वर्सांचा असताना ग्येली. फोटो नाय तिचा. एक पन नाय. मावशी सांगायची, बांगड्या भरायला बसली का अशी हसायची."

मी म्हटलं, दादा, अजून खात्री नाही, मावशींनी बघायला हवं. त्याला ते ऐकूच गेलं नाही.

"हालती का?" त्यानं विचारलं. "रिळात हाय म्हंतेस ना. आई हालती का?"

मी हो म्हटलं. त्याचं नाव धोंडी. पुढे मुरबाडपर्यंत त्यानं गाडी इतकी हळू चालवली की मागच्यांची कल्याणची एसटी चुकली.

सोमवार, ३ फेब्रुवारी

धोंडीदादाला फोनवरचं का नाही दाखवलं, असं दीपेशनं विचारलं. हाताशी तर होतं. भिंतीवरून टिपलेलं, हललेलं, पुसट. आईचं पहिलं दर्शन तसं नको, असं मला वाटलं. शिवाय ते मी चोरून घेतलंय.

काकांना सांगितलं, ती बाई बहुतेक वारली, पण मुलगा आहे. त्यांना आनंद होईल वाटलं होतं, ते घाबरले. "मुलाला काय तोंड दाखवू?" आणि प्रोजेक्टरचा पट्टा सैल झालाय म्हणाले. मग डोकं दुखतंय म्हणाले.

मंगळवार, ११ फेब्रुवारी

पट्टा. पंकजचे तीन फोन.

रविवार, १६ फेब्रुवारी

आज मी काकांवर चिडले. म्हटलं, तुमच्या बल्बाचं आणि पट्ट्याचं मला पुरे झालं. एक माणूस पंचेचाळीस वर्षं आईच्या चेहऱ्यावाचून राहिलाय, तुम्हाला एका रविवारची भीती वाटते?

 मी निघाले तर काका मागून म्हणाले, "पुढच्या रविवारी बोलाव. आणि तू लवकर ये, खुर्च्या मला एकट्याला लावता येत नाहीत."

रविवार, २३ फेब्रुवारी

हे नीट लिहायचंय, म्हणून सगळी कामं उरकून बसले.

अकराला आले, धोंडीदादा आणि त्यानं समजावून आणलेल्या जनाबाई. दादानं इस्त्रीचा शर्ट घातलेला. काकांनी नमस्कार केला तो जनाबाईंना वाकून, त्या दचकल्या. खिडक्यांवर चादरी लावल्या. दादा खुर्चीवर बसेना, भिंतीजवळ खालीच बसला.

बैल, घोंगड्या, पाळणा. जनाबाई पुटपुटत होत्या, "हां, तवाचीच जत्रा." मग बांगड्यांचं दुकान आलं.

"ठकी," जनाबाई म्हणाल्या. एवढंच.

ती हसली. वर बघितलं, बोलली, पंजा पुढे आला, काळं झालं. काकांनी प्रोजेक्टर थांबवला आणि उभे राहिले. दादाकडे न बघता म्हणाले, "मी न विचारता काढलं. तिनं नको म्हटलं होतं. मला माफ कर."

"कोन नको म्हनलं?" जनाबाईंनी विचारलं.

"त्यांनी हात आडवा केला ना."

"तुमाला काय ठावं? मी तिथंच व्हते, बाजूला. माझ्या बांगड्या भरून झाल्यावत्या." त्या उठून भिंतीशी गेल्या, जिथे मघाशी तो हात होता तिथे आपला हात ठेवला. "ती म्हनली, 'मला काय घेतोस रं, पोऱ्याला घे! पोऱ्याला!' आनि तुमचं यंत्र धरून खाली केलं, पोऱ्याच्या तोंडाकं. तुमी ते बंद करून निगूनच ग्येलात. ती किती येळ बोलत व्हती, सायब भ्याला वाटतं."

 काकांनी चष्मा काढला आणि रुमालानं पुसायला लागले, चष्मा नाही, प्रोजेक्टरचं भिंग.

मी म्हटलं, काका, पुढे जाऊ द्या, काळ्याच्या पुढे. ते म्हणाले पुढे काही नाही, मी कधी बघितलंच नाही, तिथेच बंद करतो. तरी लावलं. काळं, काळं, आणि मग अर्धा सेकंद, वाकडा, एक लहान पाय. पायात काळा दोरा. संपलं.

"तो मी?" दादानं विचारलं.

"मंग कोन?" जनाबाई म्हणाल्या. "असाच लाथा मारायचास."

दादानं पुन्हा लावायला सांगितलं. काकांनी सहा वेळा लावलं, बल्बाचं नाव काढलं नाही. चौथ्या वेळी दादानं विचारलं, "मावशे, उंचीनं किती व्हती गो?" जनाबाईंनी त्याला उभं केलं आणि त्याच्या खांद्याच्या जरा खाली हात धरला. तो त्या हाताकडे बघत राहिला.

जेवायला काकांनी पिठलं-भात केला होता. कागदाचा विषय मी काढलाच नाही.

मंगळवार, २५ फेब्रुवारी

दादाचा फोन. "ताई, तुजा कागद वाचून दाव." भेटायला मुरबाडच्या स्टँडवर गेले. जीपमध्ये बसून सगळं वाचलं. दोन कागद आहेत हे समजावलं: रिळाचे मालक काका, त्यांचा परवाना फक्त या मालिकेपुरता, बाकी हक्क त्यांच्याकडेच. आणि आईचा चेहरा दाखवायला मुलगा म्हणून तुमची संमती. काका रीळ स्वच्छ करून तुम्हाला प्रत देणार आहेतच, सही करा नाहीतर नका करू.

"तिच्या चित्रावं तो काय बोलनार?"

पंकजनं पाठवलेलं निवेदन वाचून दाखवलं. "काळाच्या ओघात हरवलेली, लोप पावत चाललेली ही माणसं..."

दादानं हात वर केला. "थांब. हरवली कोन? आई मेली, ती मेली. पन मी हाय. मावशी हाय. वाडीत चाळीस घरं हायेत. आमी कुटं लोपलो? रोज मुरबाडला जीप नेतो मी." मग शांतपणे म्हणाला, "असं बोलनार असंल तं नको. आनि तिचं नाव यायला पायजे. नावाबिगर आमी लय फिरलो जत्रंत."

पंकजला कळवलं. "माधुरी, ते नुसतं निवेदन आहे गं. आवाज रेकॉर्ड झालाय. तू त्याची सही घे ना." मी म्हटलं, नाही घेणार. आणि फोन ठेवला.

शुक्रवार, २८ फेब्रुवारी

मुदत संपली. पंकजचा फोन नाही. शोरूमची जागा अजून रिकामी आहे का, असं दीपेशला मीच विचारलं. तो म्हणाला, "भरली." नंतर कळलं की त्यानं चौकशीच केली नव्हती.

मंगळवार, ४ मार्च

सकाळी भाजी निवडत होते. पंकजचा फोन. हॅलो नाही, काही नाही.

"नाव कसं लिहू? ठकी की ठकीबाई?"

हातातली जुडी बाजूला ठेवली. "निवेदन?"

"काढलं. चौदा सेकंदं नुसती ती. आवाज नाही, संगीत नाही. माझी आई आली होती एडिटवर. मी जुनं निवेदन ऐकवलं तर म्हणाली, मुरबाडचा असून तू असं लिहितोस? मग कापलं."

दादाला विचारलं. म्हणाला, "ठकी. ईस वर्सांची पोर ती, तिला बाई कशाला करतो?"

शुक्रवार, ७ मार्च

दोन्ही सह्या झाल्या. काकांनी आपली सही करून पेन दादाच्या हातात दिलं आणि म्हणाले, माझ्या कागदावरही तुझी कर, वर, माझी खाली आहे.

काम झालं. आता काकांकडे जायचं काही कारण उरलं नाही. तरी संध्याकाळी गेले, उरलेली रिळं बघायला. दोन कप मांडलेले होते. त्यांना म्हटलं, आता कशाला लटकवताय? ते हसले. मला विनोद कळला नाही.

रविवार, १६ मार्च

हात दुखतोय, पण लिहिते.

धोंडीदादानं वाडीत सांगितलं, आणि आज त्याच्या जीपमधून सतरा माणसं आली. आपापली माणसं शोधायला. काकांची तारांबळ, शेजारून सतरंज्या आणल्या. दीपेशनं चहा केला, त्याला कुणी सांगितलंही नव्हतं. मी वही घेऊन बसले, कोण कुठल्या रिळात आहे ते टिपून ठेवायचं म्हणून.

पहिली दहा मिनिटं कुणी कुणाला सापडलं नाही. मला वाटलं, उगाच आणलं एवढ्या लांबून. मग भातशाच्या कामावरचं रीळ लागलं, घमेली घेतलेली माणसं ओळीनं चढावर येतायत, आणि मागे बसलेली एक म्हातारी ओरडली, "थांबवा! तो लखमा! माझा दीर तो!" काकांनी थांबवलं. "त्याच्या मागं पंढरी," कुणीतरी म्हणालं. "नाय रं, पंढरी लंगडायचा, तो विठू." "विठूच! आनि ही ठमा, डोळे बग." "सरक गो, दिसंना." काका मध्येच उठून भिंतीजवळ गेले आणि एकेका माणसाजवळ बोट नेऊन विचारायला लागले, "आणि हा? हा कोण? माझ्या हाताखाली होता हा, चार वर्षं, मला नाव माहीत नाही."

"नामा," तीन जण एकदम म्हणाले.

नावं इतक्या वेगानं यायला लागली की मला लिहून होईना. मी ओरडले, "एकेक सांगा हो, एकेक!" कुणीही ऐकलं नाही.